चेंडूला हात न लावणारा खेळाडू

मी फिजिओथेरपिस्ट आहे, आणि माझा दवाखाना म्हणजे माझी गाडी. डेट्रॉइटजवळच्या ट्रॉय आणि आजूबाजूच्या गावांत घरोघरी जायचं, ऑपरेशन झालेल्या म्हाताऱ्या माणसांना उभं करायचं, चालवायचं, आणि ती नीट चालायला लागली की त्यांचा निरोप घ्यायचा. कॉलेज नागपूरला झालं. लग्नानंतर इथे आले, परत परीक्षा दिल्या, आणि आता इतकी वर्षं झाली आहेत की मिशिगनच्या बर्फातून गाडी बाहेर काढताना मी चिडतही नाही.

मागच्या हिवाळ्यात माझ्याकडे एक नवा पेशंट आला. वय ब्याण्णव. अंगणातल्या बर्फावर पाय घसरला, खुब्याचं हाड मोडलं, ऑपरेशन करून आत रॉड घातलेला. दार त्यांच्या मुलीने उघडलं. तीही सत्तरीकडे झुकलेली, शाळेच्या लायब्ररीतून रिटायर झालेली, आणि वडिलांसाठी आपलं घर बंद करून इथे राहायला आलेली. माझा कोट घेता घेता ती हळू आवाजात म्हणाली, "आधी आलेल्या मुलीला त्यांनी परत पाठवलंय. तुम्हालाही पाठवतील. मनाला लावून घेऊ नका."

आतल्या खोलीत खिडकीपाशी मोठ्या खुर्चीत एक प्रचंड माणूस बसला होता. प्रचंड म्हणजे आता सगळं मांस झडून गेलेलं, पण सांगाडा दाराच्या चौकटीएवढा. काळा, उंच, नाक तीन-चार ठिकाणी वाकलेलं. उजव्या हाताचं एक बोट भलत्याच दिशेला वळलेलं.

मी नाव सांगितलं. हात पुढे केला. त्यांनी खिडकीकडे पाहिलं आणि म्हणाले, "मी चालून घेतलंय आयुष्यात. पुरे झालं."

"बरं," मी म्हटलं. "मग नुसतं उभं राहू."

"कशाला?"

मी बॅगेतून पट्टा काढला. पेशंट पडू नये म्हणून आम्ही त्यांच्या कमरेला बांधतो तो. त्यांनी तो बघितला आणि मान फिरवली. त्या दिवशी मी फक्त त्यांच्या पायाची सूज बघितली, घोटे हलवून घेतले आणि निघाले. निघताना भिंतीवर एक फोटो दिसला. बर्फाचं मैदान, त्यावर माणसांचा ढिगारा, आणि ढिगाऱ्याच्या तळाशी एक बूट.

"हे काय आहे?" मी त्यांच्या मुलीला विचारलं.

"तो बूट म्हणजे डॅडी," ती म्हणाली.

पुढच्या खेपेला मी फोटोपासूनच सुरुवात केली. मला अमेरिकन फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नाही. इतकी वर्षं इथे राहून रविवारी शेजारच्या घरांतून ओरडण्याचा आवाज आला की मी खिडकी लावून घेते, एवढाच माझा संबंध. म्हणून मी साधं विचारलं, "तुम्ही बॉल किती लांब फेकायचात?"

ते हसले. पहिल्यांदाच. हसताना खोकला आला, मुलगी स्वयंपाकघरातून धावत आली.

"फेकायचो?" ते म्हणाले. "मुली, मी सात सीझन व्यावसायिक टीममधून खेळलो, आणि या सगळ्या काळात बॉलला माझा हात एकदा लागलाय. तोच हा फोटो."

मग त्यांनी मला समजावलं. ते लाइनमन होते. बॉल घेऊन पळणारा वेगळा, फेकणारा वेगळा. लाइनमनने फक्त समोरच्या माणसाला अडवायचं, ढकलायचं, पळणाऱ्यासाठी वाट करून द्यायची. वाट झाली की लोक पळणाऱ्याचं नाव घेऊन ओरडणार. वाट झाली नाही तर मात्र सगळ्यांना तुमचं नाव आठवणार. त्या बर्फातल्या सामन्यात पळणाऱ्याच्या हातून बॉल निसटला, बर्फावरून घरंगळत यांच्या समोर आला, आणि हे त्यावर पालथे पडले. वरून दोन्ही टीम पडल्या. दुसऱ्या दिवशीच्या पेपरात छापून आलेला बूट त्यांच्या आईने कात्रीने कापून जपून ठेवला होता.

"आईला कसं कळलं बूट तुमचाच आहे ते?"

"त्या मापाचा बूट टीममध्ये दुसऱ्या कोणाचाच नव्हता," ते म्हणाले.

त्यानंतर आमचं असं ठरून गेलं की व्यायाम करताना ते बोलणार. ठरवलं कोणी नव्हतं. मी त्यांना 'सर' म्हणायचे. ते म्हणाले, सर म्हणू नकोस, कोच म्हण, शाळेत फुटबॉल शिकवायचो तेव्हापासून सगळे तेच म्हणतात. तेव्हापासून माझ्यासाठी ते कोच.

कोच ओहायोतल्या एका पोलादाच्या गावात वाढले. वडील भट्टीवर होते. अंगापिंडाने एवढे होते म्हणून शाळेत फुटबॉलमध्ये घातलं, फुटबॉलमुळे कॉलेज मिळालं, आणि कॉलेज संपताना एका संध्याकाळी हॉस्टेलच्या व्हरांड्यातल्या फोनवर निरोप आला की एका व्यावसायिक टीमने त्यांना घेतलं आहे. हे पन्नासच्या दशकातलं. टीममध्ये काळे खेळाडू हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. चेहऱ्यासमोर हेल्मेटला एक आडवी पट्टी, तीही नंतर आली. नाक पहिल्याच वर्षी मोडलं. सीझन संपला की सगळे दुसरी नोकरी करायचे. कोच डेट्रॉइटच्या कारखान्यात गाड्यांना दरवाजे बसवायचे.

"म्हणजे खेळाडू दरवाजे बसवायचे?" मला खरंच वाटेना.

"मग? रविवारी स्टँडमधून ज्यांनी मला शिव्या घातल्या, तेच हिवाळ्यात माझ्या शेजारी उभे. एक जण सारखा म्हणायचा, अरे, हा दरवाजा तरी नीट अडव." ते पुन्हा हसले. "मला ते काम आवडायचं. संध्याकाळी गाडी बाहेर जाताना दिसायची. फुटबॉलमध्ये संध्याकाळी फक्त सूज दिसायची."

पण उभं राहणं काही जमत नव्हतं. खुर्चीतून उठायचं म्हणजे पाय मागे घ्यायचे, कमरेतून पुढे वाकायचं, नाक पायाच्या बोटांच्या पुढे न्यायचं, आणि मग उठायचं. पडलेली माणसं हेच करायला घाबरतात. पुढे वाकलं की पुन्हा पडू असं त्यांना वाटतं, म्हणून ती मागे रेलून हातांनी स्वतःला वर ओढत राहतात आणि परत खुर्चीत आदळतात. कोचही आदळायचे. आदळले की चेहरा असा व्हायचा की मी तिकडे बघायचं टाळायचे.

एका सकाळी ते असेच आदळले. मी समोर स्टूल ओढलं.

"कोच, तुमचा सामना सुरू व्हायच्या क्षणी तुम्ही कसे उभे असायचात?"

"उभे नाही. खाली. एक हात जमिनीवर."

"आणि मग?"

ते सांगायला लागले. वजन चवड्यांवर. पाठ टेबलासारखी सपाट. डोकं वर. सगळा भार पुढे झुकलेला, इतका की पुढची सूचना आली नाही तर तोंडावर पडाल. सूचना आली की विचार करायचा नाही.

"सूचना कशी असते?"

"हट."

"मग तेच करायचंय," मी म्हटलं. "जमिनीवर हात नको. खुर्चीच्या हातांवर ठेवा. पाठ सपाट. भार पुढे. मी सांगते."

मी पट्टा पकडला. ते पुढे झुकले. या वेळी खरंच झुकले, त्यांचा श्वास माझ्या खांद्याला लागला. मी माझ्या नागपुरी आवाजात ओरडले, "हट!"

आणि तो डोंगर उठला. वॉकर धरून, थरथरत, पण पूर्ण. दारात त्यांची मुलगी हातात ओला चमचा घेऊन उभी होती. तिने चमचा टेबलावर ठेवला आणि डोळे पुसले.

"तू खूप हळू ओरडतेस," कोच वरून म्हणाले. मी त्यांच्या छातीपर्यंतही पोचत नव्हते.

त्यानंतर गाडी रुळावर आली. खोलीपासून स्वयंपाकघर, स्वयंपाकघरापासून पुढचं दार. मध्ये न्यूमोनिया झाला, हॉस्पिटलमध्ये राहावं लागलं, आणि परत आले तेव्हा कमावलेलं बरंचसं गेलं होतं. मला वाटलं, आता पुन्हा खिडकीकडे तोंड. पण ते स्वतःच म्हणाले, "सीझनमध्ये असं होतं. चल."

अमेरिकेच्या दक्षिणेतली गोष्ट त्यांनी याच दिवसांत सांगितली. सीझन सुरू होण्याआधी सरावाचे सामने असायचे, त्यातला एक दक्षिणेतल्या शहरात. विमानतळावरून टीमची बस हॉटेलपाशी आली. टीमचा मॅनेजर बसमध्ये चढून म्हणाला, तुम्ही तिघं बसूनच राहा. टीममधले तिघं काळे, आणि त्या हॉटेलात काळ्यांना खोली देत नसत. बाकीचे उतरले. बस यांना घेऊन गावाच्या दुसऱ्या बाजूला गेली आणि एका शिवणकाम करणाऱ्या बाईच्या घरासमोर थांबली. टीमने परस्पर ठरवून ठेवलेलं होतं; फक्त यांना सांगितलं नव्हतं.

"सगळ्यात जास्त लागलं ते काय?" मी विचारलं.

"कोणी मागे वळून बघितलं नाही. सामान उचलून खाली उतरत गेले. मला वाटतं लाज वाटली असेल. पण पाठ ती पाठच."

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या बाईच्या दारात एक गोरा माणूस उभा. टीमचा सेंटर, म्हणजे लाइनीत कोचच्या अगदी शेजारी उभा राहणारा, शेतकऱ्याघरचा अबोल मुलगा. गाव ओलांडून चालत आला होता. म्हणाला, हॉटेलातला नाश्ता चांगला नाही.

"मला वाटलं, काय माणूस आहे!" कोच म्हणाले. "मी त्याला आत घेऊन निघालो. तेवढ्यात त्या बाईचा चेहरा बघितला. ती रस्त्याकडे बघत होती. कोणी बघितलं का ते बघत होती. गोरा माणूस तिच्या टेबलावर जेवला हे कळलं असतं तर आम्ही संध्याकाळी निघून गेलो असतो. राहणार ती होती. तिने दोन क्षण विचार केला. मग त्याला म्हणाली, आत ये, खिडकीपासून लांब बस. आणि त्याच्या ताटात आमच्याएवढंच वाढलं. तळलेले मासे होते, मक्याची पेज होती. तो म्हातारा होईपर्यंत सांगायचा की मी तेव्हा धाडस केलं. मी त्याला म्हणायचो, अरे, धाडस तिने केलं. तू नुसता जेवलास."

"मग त्याला राग यायचा?"

"नाही. एकदा म्हणाला, बरोबर आहे. मला तेव्हा ती बाई दिसलीच नव्हती." कोच म्हणाले. "शेवटपर्यंत माझा मित्र होता."

मी त्यांचा पाय हातात धरून बसले होते. मग मी त्यांना बाबांबद्दल सांगितलं. पेशंटना मी घरचं सांगत नाही. पण सांगितलं. बाबांना एका तालुक्याच्या गावी मास्तरची नोकरी लागली तेव्हा भाड्याने खोली मिळेना. आधी आडनाव विचारायचे, मग म्हणायचे खोली कालच दिली. बाबा बरेच दिवस शाळेतच राहिले. रात्री बाकं जोडून झोपायचे आणि सकाळी पोरं यायच्या आत बाकं जागेवर लावायचे. शेवटी घड्याळं दुरुस्त करणाऱ्या एका मुसलमान म्हाताऱ्याने दुकानावरची खोली दिली. हे सगळं सांगताना बाबा कधी कडवट होत नाहीत. शेवटी एवढंच म्हणतात, त्या खोलीत मी एम. ए. केलं.

"तुझे वडील काही खेळायचे?" कोचनी विचारलं. त्यांना माणूस कळायचा तर याच बाजूने.

"ते नाही. मी खेळायचे. कबड्डी. विद्यापीठाच्या टीममधून. बाबा सायकलवरून माझा प्रत्येक सामना बघायला यायचे."

"काय?"

आता समजावायची पाळी माझी होती. मी खोलीत दोन चपला टाकून मध्यरेषा केली. एक जण दम धरून, 'कबड्डी कबड्डी' म्हणत पलीकडे जाणार, कोणाला तरी शिवून परत येणार. पलीकडच्यांनी त्याला धरून ठेवायचं. मी कोपऱ्यात असायचे. चढाई करणारी आत आली की तिचा घोटा पकडायचा, आणि बाकीच्यांनी येऊन तिला दाबायचं.

"बॉल?"

"बॉल नसतोच."

कोच माझ्याकडे असे बघत राहिले, जणू मी त्यांना एखादा नवा देश दाखवला होता. "बॉल नाही," ते हळू म्हणाले. "म्हणजे सगळेच लाइनमन!" मग लगेच, "मग खेळ का सोडलास?"

"सोडला असं नाही. लग्न, इथे येणं, परीक्षा, मुलगी. आता पन्नाशी आली, कोच."

"मी ब्याण्णवचा आहे, आणि तू मला काय काय करायला लावतेस?"

ते बोलणं डोक्यात राहिलं. आमचा इथे आंबेडकरी कुटुंबांचा एक ग्रुप आहे. जयंती करतो, उन्हाळ्यात पार्कमध्ये पिकनिक करतो. पिकनिकमध्ये लिंबू-चमचा आणि अंताक्षरी. मी ग्रुपवर लिहिलं, या वेळी बायकांची कबड्डी ठेवू या का?

आधी एकीचं आलं, "यार, गुडघे?" दुसरीचं आलं, "तूच फिजिओ आहेस, तूच दुरुस्त कर." मग एक काकू, ज्या स्वतः खेळणार नव्हत्या, त्यांनी लिहिलं की त्या पंच होतील आणि कोणाचं ऐकून घेणार नाहीत. झालं, ठरलं. माझी मुलगी म्हणाली, "मॉम, आर यू सीरियस?" पण शनिवारी सकाळी सरावाला ती स्वतः आली, आणि शिवून परत जाताना तिच्या लक्षात आलं की आईची पकड सुटत नाही.

तोपर्यंत कोच माझे पेशंट राहिले नव्हते. घरात, अंगणात, वॉकर घेऊन चालत होते. माझं काम संपलं होतं. शेवटच्या दिवशी मी म्हटलं होतं, पिकनिकला या. म्हणायचं म्हणून म्हटलं होतं.

ते आले. मी कोर्टावर चुना टाकत होते आणि पार्किंगमध्ये त्यांच्या मुलीची गाडी थांबली. पार्किंग ते कोर्ट सगळं गवत, वर उंचवटे. असलं गवत म्हाताऱ्या माणसाला फार वाईट. वॉकरची चाकं रुततात. मी धावत जाऊन हात पुढे केला.

"तू खेळायला आलीस ना?" कोच म्हणाले. "मग खेळ. मी येतो."

आणि वॉकर उचलून, टेकवून, थांबून, पुन्हा उचलून ते आले. आमच्या सगळ्या बायका रेषेवर उभ्या राहून बघत होत्या. खुर्चीपाशी पोचल्यावर टाळ्या वाजल्या, तेव्हा त्यांनी हात वर करून त्या थांबवल्या. "अजून सामना सुरू झालेला नाही," ते म्हणाले.

सामना काही महान नव्हता. निम्म्या बायका हसून हसून दम सोडत होत्या. पण मध्येच दुसऱ्या राज्यातून भावाकडे आलेली एक मुलगी चढाईला आली, जी पुण्यात खरंच खेळलेली होती. ती माझ्या कोपऱ्यात शिरली, पाय लांबवला, आणि माझ्या हातांनी जे करायचं ते आपोआप केलं. घोटा धरला. ती ओढत निघाली, मी गवतावरून फरफटत गेले, आणि मग मागून बाकीच्या सगळ्या आमच्यावर पडल्या. खाली अंधार, घामाचा वास, कोणाचं तरी कोपर माझ्या कानात. आणि बाहेरून एकच आवाज, त्या भल्यामोठ्या छातीतून आलेला: "धर! धरून ठेव!"

काकूंनी शिट्टी वाजवली. पकड झाली होती.

जेवताना कोचच्या ताटात त्यांच्या मुलीने पुरी आणि बटाट्याची भाजी वाढली. मी समोर गवतात बसले, गुडघ्याला बर्फाची पिशवी लावून. नागपूरला बाबा व्हिडिओ कॉलवर होते. तिकडे रात्रीचं जेवण झालेलं. मी फोन कोचच्या हातात दिला. बाबांनी चष्मा सारखा केला आणि मास्तरच्या इंग्रजीत विचारलं, "सर, माझी मुलगी कशी खेळली?"

"पाय फार जवळ ठेवते," कोच म्हणाले.

"मी हेच सांगायचो!" बाबा तिकडून ओरडले. "पूर्वीपासून हेच सांगतोय तिला!" आणि मग दोघंही माझ्याविषयी, माझ्यादेखत, मी तिथे नसल्यासारखे बोलत राहिले. नंतर बोलणं गुडघ्यांवर गेलं, तिथून सायकलींवर. पुऱ्या थंड झाल्या.

आता शनिवारी सकाळी आमचा सराव असतो. पिकनिक संपली तरी तो कोणी बंद केला नाही. उलट दोन नव्या मुली आल्यात, विद्यापीठात शिकणाऱ्या, आणि शेजारची एक अमेरिकन बाई. हवा बरी असेल तर कोचची मुलगी त्यांना घेऊन येते. ते खुर्चीत बसतात आणि "लो! लो!" म्हणून ओरडतात, म्हणजे खाली वाका. गेल्या शनिवारी त्यांनी आपल्या एका जुन्या विद्यार्थ्याला आणलं होतं, तोही आता आजोबा झालेला. खेळ सोडल्यावर कोच डेट्रॉइटच्या एका शाळेत बरीच वर्षं फुटबॉल शिकवत होते, त्यातला तो. तो थोडा वेळ बघत राहिला आणि मग मला म्हणाला, "मला आत घ्याल का? एकदाच?"

मी काकूंकडे बघितलं. काकूंनी त्याच्या बुटांकडे बघितलं.

"बूट काढ म्हणावं," त्या म्हणाल्या, "आणि आधी दम धरायला शिकव त्याला."